इंग्लंडातल्या खेड्यापाड्यांतल्या गोष्टी : शुक्रवारपर्यंत मदत हवी आहे

अळूवडी
नमस्कार मंडळी. बऱ्याच दिवसांनी धागा काढतेय, सांभाळून घ्या.

आम्ही मागच्या ऑगस्टपासून सफोकमध्ये, बंगी गावाजवळच्या एका खेड्यात राहतोय. लेक तिसरीत आहे. पुढच्या शुक्रवारी वर्गात प्रत्येकाने 'आपल्या भागातली जुनी गोष्ट' सांगायची आहे. वाचून नाही, तोंडी, तीन मिनिटांत. मी म्हटलं, त्यात काय, चिमणीचं घर मेणाचं आहेच. तर बाईसाहेब म्हणतात, "आई, आपल्या भागातली म्हणजे इथली. आपण इथे राहतो ना?" गप्प बसले.

बंगीच्या बाजारात एका खांबावर वाऱ्याची दिशा दाखवणारा पत्रा आहे. त्यावर कोंबडा नाही, कुत्रा आहे. विजेवर स्वार झालेला काळा कुत्रा. गावाच्या फुटबॉल टीमचं टोपणनावही तेच. शेजारच्या आजोबांना विचारलं, तर त्यांनी हातातली कात्री खाली न ठेवता कुंपणापलीकडून अख्खी गोष्ट सांगितली. ४ ऑगस्ट १५७७, रविवार. चर्चमध्ये प्रार्थना चालू, बाहेर वादळ. काळा कुत्रा आत घुसला, गुडघे टेकून बसलेल्या दोघांच्या मधून गेला, आणि दोघं बसल्या जागी मेले. त्याच दिवशी तो ब्लाइबराच्या चर्चमध्येही गेला, तिथे दोन पुरुष आणि एक पोरगा मारला, आणि जाताना दारावर पंज्यांच्या खुणा ठेवून गेला. त्याचं नाव ब्लॅक शक.

रविवारी ब्लाइबराला जाऊन आलो. दार खरंच आहे. जाड जुनं लाकूड आणि त्यात बोटाच्या पेराएवढे काळे खळगे, खाली गोल, वर निमुळते. मी बोट घालून पाहिलं, गुळगुळीत लागलं. म्हणजे माझ्याआधी हजारोंनी घातलंय. लेक म्हणाली, "आई, हे तर आजीच्या देव्हाऱ्यासारखं जळलंय."

तर प्रश्न असा. इंग्लंडात राहणाऱ्यांनो, तुमच्या भागात अशा जागेला चिकटलेल्या कुठल्या गोष्टी ऐकल्यात? आणि लोक त्या मानतात का, की नुसतं पर्यटकांसाठी? कुत्रा जरा रक्तबंबाळ आहे, तिसरीच्या वर्गाला चालेल असं काहीतरी सुचवा.

बोका_हरवला
मी पयला! जागा राखून ठेवतोय. सविस्तर नंतर.

शंकासुर
लेक हुशार आहे. देव्हाऱ्यासारखंच जळलंय. ज्योतीच्या आकाराचे असे डाग इंग्लंडातल्या कितीतरी जुन्या घरांच्या तुळयांवर आणि दारांवर सापडतात. पेटती वात किंवा मेणबत्ती मुद्दाम लाकडाला टेकवून धरली की असा डाग पडतो. आग आणि अमंगळ घराबाहेर राहावं म्हणून लोक हे करत, असं जुन्या इमारतींचे अभ्यासक मानतात. म्हणजे ज्या खुणा भुताच्या समजल्या जातात, त्या बहुधा भुताने येऊ नये म्हणून केलेल्या.

वादळ मात्र खरं. १५७७ सालीच अब्राहम फ्लेमिंग नावाच्या माणसाने त्यावर छोटी पुस्तिका काढली. स्वतः तो लंडनचा. वीज पडून माणसं मेली, मनोरा कोसळला, आणि लंडनच्या छापखान्यात कुत्रा जन्मला. 'शक' हे नाव तर छापात १८५० साली येतं. एका पाद्र्याने एका मासिकाला कळवलं म्हणून.

आज्जीची गोधडी
शंकासुरा, तुझा आयडी ज्याच्यावरून आहे तो शिमग्यात पोरांच्या मागे धावतो. त्यालाही पुरावा मागतोस का रे?

'शक' हा जुन्या इंग्रजीतल्या सैतान या अर्थाच्या शब्दावरून आला असं मानतात. छापात उशिरा आलं म्हणजे तोंडात नव्हतं असं कुठे आहे? आमच्या भोंडल्याची गाणी तरी छापात कधी आली?

शंकासुर
दंडवत आज्जी. मुद्दा मान्य, निम्मा.

टीजकाठची
अळूवडी, मी गेली नऊ वर्षं मिडल्सब्रोला. आमच्या टीज नदीत पेग पाउलर राहते. हिरव्या केसांची म्हातारी, काठावर खेळणाऱ्या पोरांना पाय धरून आत ओढते. नदीला पूर आला की वर फेस तरंगतो, त्याला जुने लोक पेग पाउलरचा साबण म्हणतात. तिची लँकेशायरकडची बहीण म्हणजे जेनी ग्रीनटीथ. ती डबक्यात असते. टिकल्यांसारखी बारीक हिरवी पानं दाट पसरून पाण्यावर गालिचा होतो ना, पोराला वाटतं जमीन आहे, पाय टाकला की गडप, आणि वरून गालिचा परत मिटतो. तिकडे त्या वनस्पतीलाच जेनी ग्रीनटीथ म्हणतात. मला हे ऐकून शहारा आला होता, कारण यात भूत काढून टाकलं तरी गोष्ट तेवढीच खरी राहते.

आज्जीची गोधडी
या तर आपल्या साती आसरा! विहिरीच्या किंवा डोहाच्या काठी शेंदूर लावलेले सात दगड. माझ्या माहेरी नदीवर जाताना आई सांगायची, कोंडीकडे बघायचंसुद्धा नाही, आसरा ओढतात. फरक एवढाच की आपण त्यांना खणानारळाने ओटी भरतो. बिचाऱ्या पेगला कोणी हळदकुंकू लावत नाही.

टीजकाठची
हो ना! आणि म्हणूनच ती इतकी चिडकी असावी.

बरं, मुख्य गोष्ट राहिली. लॅम्बटन वर्म. डरहॅम भागात हिच्याशिवाय पान हलत नाही. लॅम्बटन घराण्याचा तरुण वारस रविवारी चर्चला दांडी मारून विअर नदीवर गळ टाकून बसला. गळाला मासा नाही, काहीतरी वळवळणारं काळं ध्यान लागलं. त्याने ते कंटाळून विहिरीत फेकलं आणि पुढे धर्मयुद्धाला निघून गेला. इकडे ते विहिरीत वाढलं, वाढलं, बाहेर आलं, टेकडीला विळखे घालून बसू लागलं, गाईंचं दूध पिऊ लागलं. परत आल्यावर त्याला चेटकिणीने सल्ला दिला: चिलखताला भाल्याची पाती लाव, नदीत उभा राहून लढ, आणि जिंकल्यावर घरी पहिला जो जीव समोर येईल तो मार. ठरलं असं की त्याने शिंग फुंकायचं आणि कुत्रा सोडायचा. पण बापाला आनंद आवरला नाही, तोच धावत आला. बापाला कसं मारणार? कुत्रा मारला, पण शाप लागला. नऊ पिढ्या घराण्यात कोणी अंथरुणात मरणार नाही.

मी आले त्या वर्षी एका टॅक्सीवाल्याने पेनशॉच्या टेकडीजवळून जाताना ही गोष्ट गाऊन दाखवली. गाऊन! ध्रुवपदाला स्टिअरिंगवर ताल. मला 'गप्प बसा पोरांनो' एवढंच कळलं, बाकी तिकडची बोली डोक्यावरून.

उंटावरचा शहाणा
वर्म म्हणजे अळी ना? लॅम्बटनची अळी? तुमच्या धाग्याला शोभते, अळूवडीताई. अळूवरची अळी.

टीजकाठची
हसून हसून पुरेवाट. इथे वर्म म्हणजे अजगरासारखा ड्रॅगन. जुना शब्द. तुम्ही नेमकं वर्मावर बोट ठेवलंत.

शंकासुर
ते टॅक्सीतलं गाणं १८६७ सालचं, न्यूकॅसलच्या नाट्यगृहात ख्रिसमसच्या तमाशासाठी लिहिलेलं. आणि गाण्यात वर्म पेनशॉच्या टेकडीला विळखे घालतो, पण फॅटफील्डची मंडळी म्हणतात की आमच्या छोट्या वर्म हिललाच घातले होते. पेनशॉवर आज जे ग्रीक देवळासारखं स्मारक दिसतं ते १८४४ चं आणि तेही एका लॅम्बटनचंच, डरहॅमच्या पहिल्या अर्लचं. कॅनडाचा गव्हर्नर जनरल होता तो. तेव्हा टेकडी गाण्याने पळवली की स्मारकाने, ठरवा.

कोकणचो झील
ह्या टेकडीवरच्या भांडणात मी पडणंय नाय. पण घरातलो भूत कोणाकडे आसा काय तिकडे? आमच्याकडे राखणदार आसा. माझो आजो सांगी, रात्री काठयेचो आवाज इलो की समजाचा, राखणदार फेरयेक गेलो. तेका वर्साक एकदा कोंबो दिवचो लागता.

मूरवरचा वारा
झील, आहे की! मी यॉर्कशायरच्या उत्तर टोकाला, व्हिटबीजवळ. इथे राखणदाराचा चुलतभाऊ म्हणजे हॉब. ग्लेझडेलच्या हार्ट हॉल नावाच्या शेतवाडीत एक हॉब होता. रात्रीत मळणी उरकायचा, चिखलात रुतलेली गवताची गाडी एकटा ओढून काढायचा. कोणाला दिसायचा नाही. एका रात्री गड्यांनी चोरून पाहिलं तर उघडाबंब, अंगभर केस. त्यांना दया आली. त्यांनी त्याच्यासाठी जाडंभरडं तागाचं कुडतं शिवून ठेवलं. हॉबने ते पाहिलं आणि भडकला, की एवढं राबून माझी लायकी गोणपाटाची? निघून गेला तो गेलाच. माझ्या घरमालकीणबाई हे सांगून वर म्हणाल्या, "कामाच्या माणसाला कमी दर्जाची भेट देऊ नये, काहीच न दिलेलं परवडलं."

आणि रन्सविकच्या समुद्रकिनाऱ्यावर हॉब होल नावाची गुहा होती. तिथला हॉब डांग्या खोकल्याचा स्पेशालिस्ट. आया पोराला गुहेच्या तोंडाशी नेऊन ओरडायच्या, "हॉबहोलच्या हॉबा, माझ्या लेकराला डांग्या झालाय, काढून घे रे, काढून घे!" एका हॉबकडे एकच खातं.

कोकणचो झील
कपडे दिल्यार तो निघान जाता ह्या पयल्यांदाच आयकलंय. आमचो असतो तर म्हणालो असतो, आणि कोंबो खंय?

पेन्झन्सकर
सगळं वाचतोय, मजा येतेय. आमच्या कॉर्नवॉलच्या कथिलाच्या खाणीत नॉकर्स असतात. वीतभर उंचीचे म्हातारे, भिंतीच्या आतून ठकठक करतात. काही म्हणत की ते चांगल्या धातूची जागा दाखवतात, काही म्हणत की छत कोसळणार असेल तर आधी सांगतात. खाणकामगार पेस्टी, म्हणजे इथली मोठी तिखट करंजी, खाऊन तिची जाड कड त्यांच्यासाठी टाकत. शेवटची कथिलाची खाण १९९८ मध्ये बंद पडली, त्यामुळे नॉकर्स सध्या बेरोजगार आहेत.

फक्त एक विनंती: धाग्याच्या शीर्षकात 'इंग्लंड' आहे. कॉर्नवॉल इंग्लंडात आहे असं माझ्या कारखान्यातल्या सहकाऱ्यांसमोर म्हणून बघा.

उंटावरचा शहाणा
घ्या, वेगळा विदर्भ आला.

पेन्झन्सकर
विनोद सोडा, कोलारच्या सोन्याच्या खाणीत इथले खाणकामगार मोठ्या संख्येने गेले होते. त्यांच्या ट्रंकेतून एखादा नॉकरही गेला असेल. कोलारच्या कुणाला ठकठक ऐकू आली असल्यास कळवा.

संपादक
स्वायत्तता, ब्रेक्झिट आणि वेगळा विदर्भ यावरचे सहा प्रतिसाद उडवले आहेत. कृपया विषयावर राहा.

उंटावरचा शहाणा
सहातले चार माझेच. असो. आता माझ्या आयडीला साजेसं लिहितो. मी नॉटिंगहॅमला दोन वर्षं शिकायला होतो. तिथून जवळच गॉथम. उच्चार गोटम, पहिल्या दिवशी बसवाल्याने दुरुस्त केला. गोष्ट अशी की किंग जॉनची स्वारी गावातून जाणार होती. राजा जिथून जाई तो कायमचा सरकारी रस्ता होई, म्हणजे जमीन गेली आणि खर्च गावाच्या बोकांडी. गावकऱ्यांनी युक्ती केली. राजाची माणसं पाहणीला आली तेव्हा गाव वेडं झालं. काहीजण मासे खाल्ल्याची शिक्षा म्हणून एका वामला पाण्यात बुडवून मारत होते. काहीजण कोकिळेभोवती कुंपण घालत होते, म्हणजे वसंत कायम गावात राहील. कोकिळा उडाली तर म्हणाले, "छे, कुंपण थोडं उंच हवं होतं." राजाची माणसं म्हणाली, चला, वेड्यांच्या गावातून नको.

पुढचं जास्त मजेदार. १८०७ मध्ये वॉशिंग्टन अर्व्हिंगने न्यूयॉर्कला टोमणा म्हणून गॉथम म्हटलं. नाव चिकटलं, आणि तिथून ते बॅटमॅनच्या शहराला गेलं. म्हणजे बॅटमॅन मुळात कोकिळेला कुंपण घालणाऱ्यांच्या गावचा.

बोका_हरवला
राखीव जागा वापरतोय. याच जातीची गोष्ट विल्टशायरची. डिव्हायझेसकडची माणसं फ्रेंच ब्रँडीची पिंपं करचुकवेगिरी करून आणायची आणि तळ्यात बुडवून लपवायची. एका चांदण्या रात्री दाताळ्याने पिंपं ओढत असताना अबकारी खात्याचे लोक आले. काय चाललंय? एकाने पाण्यातल्या चंद्राकडे बोट केलं: "साहेब, ती चीजची चकती पडलीय, काढतोय." साहेब पोट धरून हसले आणि गेले. तेव्हापासून विल्टशायरची माणसं स्वतःला मूनरेकर्स म्हणवतात, आणि अभिमानाने.

उलट हार्टलपूलची गोष्ट. नेपोलियनच्या युद्धात एक फ्रेंच जहाज तिथे फुटलं, जिवंत राहिलं ते एकच माकड, गणवेश घातलेलं. कोळ्यांनी त्याच्यावर खटला चालवला, ते उत्तर देईना, म्हणजे फ्रेंच हेर, आणि फाशी दिली. आजूबाजूचे लोक अजून हार्टलपूलवाल्यांना 'माकडं टांगणारे' म्हणून चिडवतात. त्यांनी काय केलं? फुटबॉल क्लबचा मॅस्कॉटच माकड ठेवला. २००२ मध्ये माकडाच्या वेषात नाचणारा तो माणूस महापौरपदाला उभा राहिला, शाळेतल्या पोरांना फुकट केळी देईन म्हणाला, आणि निवडून आला. नंतर आणखी दोनदा निवडून आला.

शंकासुर
माकडाला फाशी झाल्याचा त्या काळचा एकही कागद नाही. महापौराचा मात्र आहे.

टीजकाठची
हार्टलपूलच्या माणसासमोर माकडाचा विषय काढायचा की नाही हे तो कितवा ग्लास पितोय त्यावर ठरवावं. अनुभव.

कातळवेडा
उशिरा आलो. माझा विषय दगड, त्यामुळे लांबण लागेल.

ऑक्सफर्डशायर आणि वॉरिकशायरच्या सीमेवर रोलराइट स्टोन्स आहेत. एक राजा सैन्य घेऊन चालला होता, त्याला चेटकीण भेटली. म्हणाली, सात ढांगा टाक, तिथून लाँग कॉम्प्टन गाव दिसलं तर तू इंग्लंडचा राजा. राजा खूश, उतार समोरच होता. सातव्या ढांगेला समोरची जमीनच उंचवटा होऊन वर आली. गाव दिसलं नाही. सगळे दगड झाले: राजा एकटा रस्त्यापलीकडे, सैन्य वर्तुळात, आणि मागे कट शिजवत उभे असलेले सरदार अजून डोकी एकत्र करून कुजबुजतायत. चेटकीण तिथलंच एक झाड झाली.

वर्तुळातले दगड मोजता येत नाहीत अशी ख्याती. एका पाववाल्याने पैज लावून प्रत्येक दगडावर एकेक पाव ठेवला, तरी हिशोब जुळेना, पाव कमीच पडायचे. आम्ही मे महिन्यात गेलो होतो. चुनखडीचे दगड आहेत, पावसाने खाऊन त्यांची चाळण झालीय, जुन्या दातांसारखे. काही गुडघ्याएवढे, काही गवतात नुसता कोपरा दिसतो. हा एक दगड की एकाचे दोन तुकडे, हेच ठरत नाही. माझे ७२ आले, बायकोचे ७६, पोराचे ६९ आणि एक शेळीची लेंडी. माहितीफलकावर काय आहे ते मुद्दाम वाचलं नाही.

आता खरी गंमत. सॉमरसेटमध्ये स्टँटन ड्रू म्हणून आणखी मोठी दगडांची वर्तुळं आहेत. तिथे म्हणे शनिवारी लग्न लागलं, वऱ्हाड नाचत राहिलं, मध्यरात्री वाजंत्रीवाला थांबला कारण रविवार लागला. नवरी म्हणाली, सैतान वाजवायला आला तरी नाचेन. सैतान आला. पहाटेपर्यंत अख्खं वऱ्हाड दगड: नवरा, नवरी आणि लग्न लावणारा पाद्रीसुद्धा. माथेरानच्या बाजूला चंदेरीच्या रांगेत भटकलेल्यांना आठवेल, तिथले सुळके कोणते? नवरा, नवरी आणि भटोबा! दोन्हीकडे लग्न लावणाऱ्याला सुटका नाही.

आज्जीची गोधडी
वा! वाचनखूण साठवली.

सह्याद्रीपुत्री
कातळवेडा, आणखी एक जोडी देते. ब्रायटनजवळ डेव्हिल्स डाइक म्हणून मोठी दरी आहे. सैतानाने एका रात्रीत समुद्रापर्यंत चर खणून आतली सगळी चर्चेस बुडवायचं ठरवलं. एका म्हातारीने आवाज ऐकून खिडकीत मेणबत्ती लावली आणि कोंबड्याला डिवचलं. कोंबडा आरवला, सैतानाला वाटलं उजाडलं, काम अर्धवट टाकून पळाला. आपल्याकडे अंबरनाथच्या देवळाबद्दल सांगतात ना, पांडवांनी एका रात्रीत बांधायला घेतलं आणि उजाडलं म्हणून राहिलं. तिथे सैतान, इथे पांडव, काँट्रॅक्टरची अडचण एकच.

शंकासुर
वादळाची आणखी एक नोंद करतो, मग गप्प बसतो. डार्टमूरमध्ये विडिकमच्या चर्चवर २१ ऑक्टोबर १६३८ ला प्रार्थना चालू असताना वीज पडली, चारेक माणसं मेली, साठच्या आसपास जखमी. गोष्टीत ती सैतानाची करणी. तो येताना पाउंड्सगेटच्या दारूच्या गुत्त्यात रस्ता विचारायला थांबला, बीअर प्यायला, तर घशातून चर्रर्र आवाज आला, तापल्या तव्यावर पाणी टाकल्यासारखा. तो गेल्यावर मालकिणीच्या हातातली नाणी वाळकी पानं झाली. इतिहास चर्चमध्ये आहे, पण मला लक्षात राहतो तो चर्रर्र. एवढं कबूल करतो.

आज्जीची गोधडी
हे बरं केलंस.

थोडं अवांतर. इंग्रजांच्या गोष्टी जमवणारा जोसेफ जेकब्स, त्याचा १८९० चा संग्रह आजही मुलं वाचतात, तो जन्मला सिडनीला. दोनच वर्षांनी त्याने भारतीय गोष्टींचा संग्रह काढला आणि त्यात काही गोष्टी घेतल्या मेरी फ्रिअरच्या १८६८ च्या पुस्तकातून. मेरी म्हणजे मुंबईचे गव्हर्नर बार्टल फ्रिअर यांची मुलगी. वडिलांबरोबर १८६५-६६ च्या हिवाळ्यात दख्खनच्या दौऱ्यावर असताना तिला त्या सांगितल्या तिच्या आयेने, म्हणजे दिमतीच्या बाईने, ॲना लिबराटा डिसोझा हिने. घराणं गोव्याजवळ येऊन वसलेलं, गोष्टी आजीकडून ऐकलेल्या. विशेष म्हणजे मेरीने आयेची स्वतःची हकीकतही पुस्तकात छापली. म्हणजे विलायतेतल्या पोरांनी दख्खनच्या छावणीतल्या आयेच्या गोष्टी ऐकल्या, आणि आता अळूवडीची लेक तिकडे जाऊन त्यांना त्यांच्याच गोष्टी सांगणार. मला तर फार आवडलं हे.

अळूवडी
बाप रे, एवढे प्रतिसाद! सगळ्यांना धन्यवाद. आज्जी, ॲनाबद्दल काहीच माहीत नव्हतं.

मानतात का, याचं उत्तर मला परवा मिळालं. शेजारचे आजोबा मधमाश्या पाळतात. त्यांची बहीण वारली. सकाळी पाहिलं तर ते प्रत्येक पेटीवर हळूच टकटक करून काहीतरी पुटपुटत होते. नंतर कळलं, घरात कोणी गेलं की मधमाश्यांना सांगायचं असतं, नाहीतर त्या रुसून निघून जातात किंवा मरतात. राणी एलिझाबेथ गेल्या तेव्हा राजवाड्याच्या मधमाश्यांनाही असंच सांगितलं होतं. मी विचारलं, "तुम्ही मानता?" ते म्हणाले, "नाही. पण सांगायला काय जातं?"

शाळेसाठी मी वुलपिटची गोष्ट काढली होती, आमच्याच सफोकची. राजा स्टीफनच्या काळात लांडग्यांच्या खड्ड्यापाशी दोन हिरवी मुलं सापडली. भाषा कळेना, काही खाईनात. शेवटी कोणीतरी शेंगांचे ताजे वेल आणले, तर मुलं झडप घालून देठ फोडून बघू लागली, आत दाणे नाहीत म्हणून रडायला लागली. कोणीतरी शेंग सोलून दाखवली. मुलगा पुढे वारला, मुलगी इथलं खाऊन हिरवी राहिली नाही, तिथेच मोठी झाली. लेकीने ऐकलं आणि म्हणाली, "ही नको." का, ते सांगितलं नाही. मीही विचारलं नाही. आली तेव्हा शाळेच्या डब्यात पहिले दोन महिने काय झालं ते मला ठाऊक आहे.

हॉबची आवडलीय, पण उघडाबंब म्हणताना तिला हसू आवरत नाहीये.

मूरवरचा वारा
मग बॉगर्टची सांगा! हॉब बिघडला की बॉगर्ट. एका शेतकऱ्याच्या घरात बॉगर्ट होता. पोरांच्या हातातला पाव हिसकायचा, पांघरुणं ओढायचा, दुधाची भांडी उपडी करायचा. पोरांनी भिंतीच्या भोकात बूट घालायचा चमचा खुपसला तर आतून सणकन परत यायचा, डोक्यावर. शेवटी वैतागून नवराबायकोने घरच सोडलं. सगळं सामान गाडीवर लादलं, वर ताकाचा डेरा. वाटेत शेजारी भेटला. "काय रे, घर सोडून चाललास?" शेतकरी म्हणतो, "काय करणार, बॉगर्टने जीव नको केला." तेवढ्यात डेऱ्यातून आवाज येतो: "हो, निघालोय आम्ही!"

शेतकरी बायकोला म्हणाला, "वळव गाडी. हा जर बरोबर येणार असेल तर आपलं जुनं घर काय वाईट होतं?"

उंटावरचा शहाणा
बदली झालेल्या प्रत्येक सरकारी नोकराची गोष्ट.

कोकणचो झील
आमचो राखणदार मुंबैक भावाच्या फ्लॅटात गेलो हा असा आई म्हणता. लिफ्टीत बसणा नाय.

अळूवडी
शुक्रवारचा वृत्तांत.

बॉगर्टच सांगितली. घरातला मोठा कुकर घेऊन गेली, डेरा म्हणून. आमचं सामान आलं त्यात तो कुकर सगळ्यात वर होता हे तिला आठवतंय. शेवटचं वाक्य तिने झाकणाच्या आत तोंड घालून म्हटलं, आणि मराठीतच म्हटलं, "निघालोय आम्ही!" वर्गाला शब्द कळले नाहीत, पण कोण बोलतंय ते कळलं, मुलं किंचाळली. तिच्या बाई निघाल्या यॉर्कशायरच्या. त्यांनी तेच वाक्य आपल्या आजीच्या बोलीत म्हणून दाखवलं. मग दोघींनी आळीपाळीने म्हटलं.

एका मुलाने विचारलं, तुमच्या घरात आहे का बॉगर्ट? ही म्हणाली, आहे, सांगलीहून आलाय, रात्री फ्रिज वाजवतो.

टीजकाठची
वा वा! माझ्याकडून एक पेस्टी, कडेसकट.

पेन्झन्सकर
कड टाका.

शंकासुर
कुकर कोणत्या कंपनीचा, शिट्टी झाली होती का, वगैरे पुरावा मागणार नाही. अभिनंदन.

कातळवेडा
लेकीला शाबासकी. आणि ज्यांना उत्सुकता असेल त्यांच्यासाठी: काल मुद्दाम परत रोलराइटला गेलो. या वेळी खडू घेऊन जाणार होतो, बायकोने नेऊ दिला नाही. ७४ आले. परत मोजले, ७१.